पारंपरिक योडलिंग आजच्या श्रोत्यांसमोर गायचं तर

तुमचा प्रश्न मी असा समजले: तुम्ही आठ वर्षं ऑर्केस्ट्रात किशोरकुमारांची गाणी गाताय, योडलिंगच्या, म्हणजे छातीच्या आवाजातून डोक्याच्या बारीक आवाजात एकदम उडी मारण्याच्या, जागेला हमखास टाळी पडते, आणि आता तुम्हाला आल्प्समधलं मूळ, शब्दांविना गायलं जाणारं योडलिंग शिकून वीस मिनिटांचा स्वतंत्र कार्यक्रम करायचाय. लोक बसतील का, खाली बीट टाकावी का, आणि तिकडे न जाता शिकता येईल का, एवढं तुम्ही विचारलंत.

लोक बसतात. बीट टाकू नका, निदान पहिली दोन-तीन वर्षं तरी. शिकायला सुरुवात घरी बसून करता येईल, पण एकदा तरी तिकडे जाऊन कुणाच्या तरी खांद्याला खांदा लावून गावं लागेल. आता हे असं का, ते सविस्तर सांगते, कारण नुसत्या हो-नाहीने तुमचं काम भागणार नाही.

मी मूळची सांगलीची. बारा वर्षं ख्याल शिकले, लग्नानंतर झुरिकला आले, आणि गेली सतरा वर्षं योडलिंग गाते, शिकवते. त्यामुळे तुम्ही जिथे अडणार आहात त्यातल्या बऱ्याच जागी मी आधी अडून झालेय.

सगळ्यात आधी, तुम्ही आज जे गाता ते काय आहे हे नीट ओळखा. एकोणिसाव्या शतकात आल्प्समधल्या, विशेषतः ऑस्ट्रियाकडच्या टिरोल प्रांतातल्या गायकांची पथकं युरोप-अमेरिकेत फिरली. अमेरिकेत त्यांची योडलची हाक तिथल्या लोकगीतांत मिसळली. 1927 साली तिथले गायक जिमी रॉजर्स यांनी पहिलं ‘ब्लू योडल’ ध्वनिमुद्रित केलं, आणि गिटारवरचं ते एकट्या माणसाचं, थोडं उदास, थोडं खोडकर योडलिंग रेकॉर्डवरून जगभर गेलं. किशोरकुमारांनी ते रॉजर्स आणि न्यूझीलंडचे गायक टेक्स मॉर्टन यांच्या रेकॉर्ड ऐकून उचललं आणि त्याचं स्वतःचं असं काही केलं की आपल्याकडे योडलिंग म्हटलं की दुसरं नाव आठवत नाही. ही एक अस्सल, स्वतंत्र शाखा आहे. तिला कमी लेखू नका आणि ती सोडूही नका. फक्त ती म्हणजे आल्प्समधलं योडलिंग नव्हे. पुतण्याला काकांच्या नावाने हाक मारू नये, एवढंच.

आल्प्समध्येही ते एकच एक नाही. स्वित्झर्लंडमध्ये ढोबळ दोन प्रकार. एक ‘योडललीड’, म्हणजे शब्दांचं कडवं आणि मग योडलचं धृपद. दुसरं ‘नाटुरयोडल’, म्हणजे निव्वळ अक्षरांवर, अर्थाविना गायलेलं. या दुसऱ्याची गावागणिक नावं वेगळी: ईशान्येकडच्या आपेनझेलच्या बाहेरच्या भागात त्सॉयरली, आतल्या भागात रुगुसेर्ली, शेजारच्या टोगेनबुर्गमध्ये योहले, मध्य स्वित्झर्लंडच्या मुओटाताल खोऱ्यात यूट्स. तुम्हाला जे हवंय ते हे. माझा सल्ला असा की यातलं एकच धरा. चार खोऱ्यांचे चार नमुने मंचावर मांडले तर ते प्रदर्शन होतं, गाणं होत नाही. मी त्सॉयरली धरलं, म्हणून पुढचं सगळं त्याबद्दलच बोलते.

त्सॉयरली मी पहिल्यांदा आपेनझेलमधल्या उर्नेश नावाच्या गावी ऐकलं, 13 जानेवारीला. या भागात नवं वर्ष दोनदा करतात, एकदा 31 डिसेंबरला आणि पुन्हा जुन्या ज्युलियन पंचांगाप्रमाणे 13 जानेवारीला. मुखवटे घातलेल्या पुरुषांची पथकं पहाटेपासून बर्फातून घरोघर फिरतात. काहींच्या अंगावर मोठ्या घंटा, काहींच्या अंगावर घुंगरांचे पट्टे. घराच्या अंगणात आली की आधी घंटांचा नुसता कल्लोळ. मग तो एकदम थांबतो. सगळे गोल करून उभे राहतात, माना थोड्या खाली, आणि एकजण मुखवट्याआडून हळूच सूर काढतो. दुसरा त्याला येऊन मिळतो. मग बाकीचे खालून आवाज धरतात आणि ते सगळं एकदम रुंद होतं. घरातली माणसं दारात उभी, कुणी बोलत नाही. दोन-तीन त्सॉयरली झाली की घरधनीण वाइनचा पेला आणते, मुखवटा काढायचा नसतो म्हणून ते नळीने पितात, हात मिळवतात आणि पुढच्या घराकडे निघतात. पहाटे वासुदेव आलेला मी लहानपणी पाहिलाय. त्या अंगणात मला त्याची इतकी आठवण झाली की डोळे भरून आले.

त्या दिवशी मला कळलं की यात वेग नाही. आपण योडलिंग म्हटलं की भराभर उड्या मारणारा गळा कल्पतो. त्सॉयरली आलापासारखं असतं. श्वास संपला की ओळ संपते. खालून आवाज धरणाऱ्यांच्या कामाला तिथल्या बोलीत ‘ग्राडहेबे’ म्हणतात, म्हणजे सरळ धरून ठेवणं. आपल्याकडच्या शाहिराला झीलकरी नसले तर पोवाडा उभा राहत नाही, तमाशात सुरत्या सूर धरून ठेवतो म्हणून गाणाऱ्याला वर जाता येतं. अगदी तेच नातं. तुम्ही एकट्याने कार्यक्रम करायचा म्हणताय, तिथेच पहिला बदल करा: निदान तीन माणसं बरोबर घ्या.

आता गळ्याचं. इथे तुमची जुनी तालीम मदतही करेल आणि आडवीही येईल.

छातीचा आवाज काढताना स्वरपट्ट्या जाड आणि आखूड असतात, डोक्याचा आवाज काढताना त्या ताणून पातळ होतात. प्रत्येकाच्या गळ्यात एक जागा असते जिथे एका स्नायूकडून दुसऱ्याकडे काम सोपवलं जातं. काळी एक पट्टीत गाणाऱ्या पुरुषाला ती साधारण तार रिषभ ते तार मध्यम यांच्या आसपास लागते. आपल्या तालमीत हा सांधा दिसू द्यायचा नसतो. तो दिसला तर गुरुजी ‘खोटा आवाज लावू नकोस’ म्हणून टोकतात. योडलिंगमध्ये नेमका तो सांधा उघडा करायचा असतो. तो ‘टक्’ असा तुटण्याचा क्षण हाच त्याचा प्राण. मला बारा वर्षांची सवय मोडायला दीड वर्ष लागलं. मी नकळत तिथे मींड घ्यायची. शिकवणारे, ते दूधदुभत्याचा धंदा करणारे शेतकरी होते, हात वर करून थांबवायचे आणि म्हणायचे, पायरीवरून घसरू नकोस, उडी मार.

सराव असा करा. खालच्या षड्जावर ‘यो’ म्हणा, पूर्ण छातीने, लांबच्या माणसाला हाक मारतो तसं, पण ओरडू नका. तिथून थेट वरच्या पंचमावर किंवा धैवतावर ‘उ’ म्हणा, डोक्याच्या आवाजात. परत खाली ‘लो’. खालच्या सुरांना यो, लो, हो अशी मोकळी अक्षरं आणि वरच्यांना उ, ई, किंवा ओठ ‘उ’सारखे गोल ठेवून आत जीभ ‘ई’ची ठेवली की निघतो तो स्वर. ही अक्षरं उगाच नाहीत. ‘उ’ आणि ‘ई’ डोक्याच्या आवाजात सहज बसतात, ‘आ’ला तिथे जोर लागतो. ज्या पट्टीत तुमचा सांधा या दोन सुरांच्या बरोबर मधे येईल ती पट्टी निवडा. तुम्ही ऑर्केस्ट्रात सांध्याच्या वरच गात असाल, तर इथे पट्टी बरीच उतरवावी लागेल. हनुवटी वर उचलू नका. मान उचलली की कंठ वर ओढला जातो आणि तुटण्याचा आवाज घोगरा येतो. स्वित्झर्लंडमध्ये पुरुष पँटच्या खिशात हात घालून गातात, पाहुण्यांना ते उर्मट वाटतं, पण त्याने खांदे खाली राहतात आणि छाती मोकळी होते. करून बघा. रोज पंधरा मिनिटं पुरे. घसा खवखवला तर तो दिवस सोडा.

सुरांचंही एक सांगायला हवं, कारण यावर माझा फार जीव आहे. आल्पहॉर्न ही लांबलचक लाकडी तुतारी. तिला भोकं नसतात, त्यामुळे तिच्यातून फक्त नैसर्गिक स्वरांश, म्हणजे मूळ सुराच्या दुप्पट, तिप्पट अशा पटीतले सूर, निघतात. त्यातला अकरावा स्वरांश आपल्या शुद्ध मध्यम आणि तीव्र मध्यम यांच्या जवळजवळ बरोबर मधोमध पडतो. तिथे त्याला ‘आल्पहॉर्न-फा’ म्हणतात. काही खोऱ्यांतले जुने गायक योडलमध्येही हाच सूर लावायचे, मुओटातालमध्ये तर अशा अधल्यामधल्या जागा बऱ्याच ऐकू येतात. ह्यूगो झेम्प या स्विस अभ्यासकाने 1980च्या दशकात त्या खोऱ्यातल्या यूट्सवर चित्रपट केले, ते मिळवून पाहाच. शहरातल्या मंडळांत अकॉर्डियनच्या साथीने हे सूर हळूहळू घासून सरळ झाले. आपल्याकडे पेटीवरून जो वाद झाला, आकाशवाणीने 1940 साली पेटीला दार बंद केलं, तोच हा प्रश्न. तुम्ही मराठी माणूस आहात, श्रुती म्हणजे काय हे तुमच्या श्रोत्याला वेगळं शिकवावं लागत नाही. युरोपातल्या श्रोत्याला जो सूर बेसूर वाटतो तो तुमचा श्रोता कान टवकारून ऐकेल. हा तुमचा मोठा फायदा आहे, तो कीबोर्डच्या साथीत घालवू नका.

साथ हवीच असेल तर ‘टालर’ घ्या. म्हणजे एक खोलगट मातीचं भांडं आणि त्यात पाच फ्रँकचं नाणं. भांडं दोन्ही हातांनी धरून मनगटातून असं फिरवायचं की नाणं काठावर उभं राहून आत गोल गोल धावत राहील. सारखा, किंचित थरथरणारा एक सूर निघतो. साधारण तीन आकारांची तीन भांडी घेतात, तीन सूर मिळतात. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला तंबोऱ्याची आठवण झाली. तो सूर बारीक असतो, माइक जवळ धरला तर किणकिण तेवढी मोठी होते आणि गुंजन हरवतं, म्हणून माइक हातभर लांब ठेवा. आपल्या कुंभाराकडचं कुंडं चालेल का, असं तुम्ही विचाराल. मी सांगलीहून आणलेलं एक वापरून पाहिलं. आतून गुळगुळीत नसेल तर नाणं अडखळतं. आतून झिलई केलेलं बघा.

बीट का नको म्हणते, तर ऐका. 2014 साली एका महोत्सवात आयोजकांनी मला आणि माझ्या तीन सहगायकांना अट घातली: तीन मिनिटं, आणि खाली त्यांनी बनवलेला ताल. आम्ही मान्य केलं. तालीम ठीक झाली. मंचावर मात्र आवाज धरणाऱ्यांना श्वास कुठे घ्यायचा तेच कळेना, कारण त्सॉयरलीत मुख्य गायकाच्या खांद्याकडे बघून श्वास घेतात, ठेका मोजून नाही. लोक टाळ्यांचा ठेका धरून बसले आणि सांध्याचा तो ‘टक्’ प्रत्येक वेळी टाळीखाली दबला. कार्यक्रम पडला असं कुणी म्हणणार नाही, लोक खूश होऊन गेले. पण ज्यासाठी मी तिथे उभी होते ते त्यांच्यापर्यंत पोचलंच नाही, आणि त्याचं मला आजही वाईट वाटतं.

पुढच्या वर्षी एका जुन्या धान्यकोठारात कार्यक्रम होता. तिथे गाण्यात काहीच बदललं नाही, मांडणी बदलली. आम्ही चौघं चार कोपऱ्यांत, श्रोते मधे, दिवे मंद, माइक नाही. पहिला सूर एका कोपऱ्यातून, दुसरा समोरून. लांबून हाक आणि लांबून उत्तर, ही त्या गाण्याची मूळ जागा. शेवटच्या सुरानंतर बराच वेळ कुणी हललं नाही. मागच्या रांगेतल्या दोन वयस्कर बाईंना नीट ऐकू आलं नाही, तेही खरं. तेव्हापासून मी वयस्कर श्रोत्यांना आधीच कोपऱ्यांजवळच्या खुर्च्या देते.

म्हणजे नवं काही करूच नये असं माझं म्हणणं आहे का? मुळीच नाही. ज्याला आज परंपरा म्हणतात तीही कुणीतरी घडवलेलीच आहे. 1545 साली गेओर्ग राऊ यांनी छापलेल्या दोन आवाजांच्या रचनांच्या संग्रहात आपेनझेलच्या गुराख्यांचं गाणं आहे, इतकं हे जुनं. पण अर्धवर्तुळात उभं राहून चार आवाजांत गाणारी मंडळं ही बरीच अलीकडची गोष्ट. 1910 साली योडल गायकांची देशव्यापी संघटना निघाली, त्यामागे टिरोलच्या ढंगाचं आक्रमण थोपवायची कळकळ होती. 1924 साली बाझेलला पहिला देशव्यापी महोत्सव भरला. आता तो दर तीन वर्षांनी भरतो आणि परीक्षक मंडळांना श्रेणी देतात. या शिस्तीने योडलिंग टिकलं, हे ऋण मी मानते. त्याच शिस्तीने ते थोडं एकसारखंही झालं. 1990च्या दशकात क्रिस्टीन लाउटरबुर्ग यांनी योडलिंग इलेक्ट्रॉनिक ठेक्यावर आणलं तेव्हा जुन्या मंडळींचा मोठा रोष झाला. मला त्यातलं सगळंच आवडत नाही, पण त्यांचा सांधा कधी बुजलेला नाही, तो ठेक्याच्या वर स्वच्छ ऐकू येतो, आणि म्हणून ते टिकतं.

तुम्ही अभ्यास करावा अशी माझ्या मते दोन माणसं आहेत. उर्नेशच्या प्रसिद्ध आल्डर वाजंत्री घराण्यातले नोल्डी आल्डर. घरातलं त्सॉयरली त्यांच्या अंगात इतकं मुरलंय की त्यांनी कितीही मोडतोड केली तरी आतला श्वास तोच राहतो. आणि नाद्या रेस. त्या उत्तम गायिका, जुन्या चालींच्या शोधक आणि शिक्षिका. 2018 पासून ल्युसर्नच्या उच्चशिक्षण संस्थेत योडलिंग हा मुख्य विषय घेऊन पदवी करता येते, तो विषय त्या शिकवतात. गुराख्याची हाक विद्यापीठात गेली म्हणून नाकं मुरडणारे तिकडेही भेटले. मला वाटतं, शिकवण्याची पद्धत लिहून ठेवली गेली हे बरंच झालं. ज्याच्या घरात योडलिंग नाही त्यालाही दार उघडलं, आणि त्यात तुम्ही-मी दोघेही आलो. डिसेंबर 2025 मध्ये दिल्लीला लाल किल्ल्यात युनेस्कोच्या समितीची बैठक झाली. त्यात स्विस योडलिंग मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादीत आलं, आणि त्याच बैठकीत आपली दिवाळीही. तुमच्या कार्यक्रमाची प्रस्तावना म्हणून एवढं सांगा, लोकांना जवळचं वाटेल.

आता तुमच्या वीस मिनिटांचं. पहिली पाच मिनिटं तुमचं किशोर-योडलिंग गा, ठेक्यासकट. श्रोता तुमचा आहे, त्याला त्याच्या घरातून हाताला धरून न्या. मग वाद्यं थांबवा आणि दोन वाक्यांत सांगा की ही हाक इथपर्यंत कुठून कुठून आली. मग एक त्सॉयरली, तिघांच्या साथीने. लगेच तेच पुन्हा गा, पण या वेळी श्रोत्यांना दोन भागांत वाटून एका बाजूला षड्ज आणि दुसऱ्या बाजूला पंचम ‘ओ’ वर धरायला सांगा. भजनात धृपद धरणारे लोक आहेत आपले, त्यांना हे जमतं. पुण्यात एका छोट्या घरगुती बैठकीत मी हे करून पाहिलंय. चाळीस माणसं होती, पहिल्या दोन श्वासांत सूर मिळाला. ग्राडहेबे धरलेला माणूस मोबाइल बघत नाही. शेवटी टाळीचं गाणं ठेवू नका, टालरच्या सुरावर संपवा आणि नाणं आपोआप थांबेपर्यंत वाट बघा.

त्यांचा पारंपरिक पोशाख तुम्ही घालू नये असं मला वाटतं. तो त्या त्या गावचा असतो, त्यातली भरतकामाची खूणसुद्धा तिथल्या माणसांना ओळखू येते. साधा सदरा बरा. आणि त्सॉयरली कुणाकडून शिकलात, कुठल्या गावचं, ते प्रत्येक कार्यक्रमात सांगा.

शिकायला जायचं तर टोगेनबुर्गमध्ये क्लांगवेल्ट नावाची संस्था आवाजावरच्या कार्यशाळा घेते, नवख्यांसाठीही. आपेनझेलमध्ये गोंटेन इथे रोटहूस हे लोकसंगीताचं केंद्र आहे, जुन्या चाली तिथे जपून ठेवल्यात. जर्मन येत नसलं तरी अडत नाही, त्सॉयरलीला शब्दच नाहीत. जाल तेव्हा 31 डिसेंबर किंवा 13 जानेवारीच्या सुमारास जा. 13 जानेवारी रविवारी आली तर मिरवणूक आदल्या शनिवारी निघते, तारीख बघून तिकीट काढा. बूट पक्के घ्या, उर्नेशच्या उतारांवर बर्फ गुडघ्याएवढा असतो.

तोवर यो-उ-लो चा सराव महिनाभर करा आणि तीसाव्या दिवशी फोनवर मुद्रित करून मला पाठवा. गाणं नको, नुसता सांधा ऐकवा. तिथे मींड येते की उडी, ते मी ऐकून सांगेन, मग पुढचं ठरवू.